रिकामी ओळ

भाद्रपद संपत आला होता. पाऊस पंधरा दिवस दडी मारून बसला होता आणि त्या दिवशी दुपारी घाईघाईनं पडून गेला होता. अंबाजोगाईतल्या आमच्या गल्लीत ओल्या मातीचा आणि तुंबलेल्या नालीचा वास एकमेकांत मिसळून राहिला होता. मी दिवा लावून वह्या तपासायला बसले तेवढ्यात मावशीचा फोन आला. मावशी म्हणजे आजोळच्या गावातली, रक्ताची नव्हे. पण आईच्या बरोबरीची, म्हणून मावशी. ती फोन करते तेव्हा आधी खुशाली विचारते, लेकरांची, गुडघ्याची, पावसाची. त्या दिवशी काहीच विचारलं नाही. "अगं बाय, ते पिच्चरच्या शेवटाला नावं येत्यात ना, खालून वर जात्यात ती," ती म्हणाली. म्हटलं, हो, येतात. "त्यातलं माझं नाव काढ." मला वाटलं, तिला सगळ्यातूनच अंग काढून घ्यायचं आहे. म्हटलं, "मावशी, तुझं बोलणंच काढू का मग? उद्या दाखवायचंय, अजून वेळ आहे." पलीकडे कुणाची तरी मोटारसायकल गेली. ती जाईपर्यंत मावशी थांबली. "बोललेलं काढू नगंस. बोललेलं ऱ्हाऊ दे. नाव तेवढं काढ."

फोन बंद.

पिच्चर म्हणजे चौदा मिनिटांची फिल्म. मी आणि माझ्या वर्गातल्या दोघी मुलींनी मिळून फोनवर केलेली. ऊसतोडीला जाणाऱ्या बायका, त्यांची दसऱ्याआधीची बांधाबांध, तवा, घागर, कोंबडी, गोधड्या, कोयत्याला धार, आणि त्यातल्या चौघींचं बोलणं. मावशी त्यात चार मिनिटं बोलते. बाजेवर बसून लसूण सोलत बोलते. एक दिवस फडात गेलं नाही तर खाडा कसा धरतात, पाळीच्या दिवसांत मोळी डोक्यावर घेऊन गाडीच्या फळीवर चढताना पायातून काय होतं, आणि मग पस्तिशीच्या आत पिशवी काढून टाकली तेव्हा डॉक्टरांनी काय सांगितलं होतं. हे ती एकाही ठिकाणी आवाज न चढवता सांगते. सोललेल्या पाकळ्या पितळीत टाकण्याचा बारीक आवाज मधे येत राहतो. आमच्यातल्या एका मुलीला वाटलं होतं की आवाजात बिघाड आहे, तो साफ करून घ्यावा. मी ठेवायला लावला.

रात्री लॅपटॉप उघडून नावांच्या पट्टीतून तिचं नाव पुसलं, तर खालची नावं आपोआप वर सरकली. जागा भरून निघाली. आता पाहणाऱ्याला कळलंही नसतं की मधे कुणी होतं. मी बराच वेळ त्या सरळ, नीटनेटक्या यादीकडे पाहत बसले. मग कर्सर तिथे नेला आणि एक रिकामी ओळ घातली. नावं परत खाली गेली. चार बायकांच्या यादीत पहिलं नाव, दुसरं नाव, मग काळं, मग चौथं.

तिचं तोंड दिसतंय. आवाज ऐकू येतोय. गाव चारशे उंबऱ्यांचं. कोण बोलतंय हे दुसऱ्या दिवशी शाळेच्या हॉलमध्ये पांढऱ्या चादरीसमोर बसलेल्या प्रत्येकाला माहीत असणार होतं. मग नाव काढून तिला काय मिळणार होतं? हा प्रश्न त्या रात्री मला सोडेना. आणि त्याच्या मागोमाग एक जुनी फिल्म आठवत राहिली, जिच्या शेवटी नावंच नाहीत.

ती करणारा इराणी दिग्दर्शक जाफर पनाही, हा माणूस मला पुण्यात भेटला, म्हणजे पडद्यावर. उन्हाळ्याच्या सुट्टीत फिल्म रसास्वादाच्या महिनाभराच्या वर्गाला गेले होते. तिथून परत येताना एका मैत्रिणीनं पेन ड्राइव्ह हातात दिला, "घरी जाऊन बघ, एकटीनं बघ." मे महिन्यातली रात्र, कूलरची घरघर, दोनदा लाईट गेली, लॅपटॉपच्या बॅटरीवर मी 'दिस इज नॉट अ फिल्म' पाहिली. त्याआधी त्याचं काय झालं होतं तेवढं मला ठाऊक होतं. २०१० च्या मार्चमध्ये घरातून उचललं, तेहरानमधल्या एविनच्या तुरुंगात ठेवलं, उपोषणानंतर मे महिन्यात जामिनावर सोडलं, आणि डिसेंबरमध्ये शिक्षा सुनावली. सहा वर्षं कैद आणि वीस वर्षं बंदी. फिल्म करायची नाही, पटकथा लिहायची नाही, देशाबाहेर जायचं नाही, मुलाखत द्यायची नाही. पन्नाशीच्या माणसाला वीस वर्षं. ही शिक्षा मोजून दिलेली आहे असं मला तेव्हा वाटलं आणि आजही वाटतं. माणूस जिवंत राहील आणि त्याच्यातला काम करणारा माणूस म्हातारा होऊन विझेल, एवढं अंतर धरून मोजलेली.

त्या फिल्ममध्ये तो तेहरानच्या आपल्या फ्लॅटमध्ये आहे. वकिलाशी फोनवर बोलतो, चहा करतो, सोफ्यावरून इगुआना फिरते. मित्र कॅमेरा धरतो. बंदी फिल्म करण्यावर आहे, वाचून दाखवण्यावर नाही, असं म्हणून तो एक पटकथा वाचायला घेतो. परवानगी न मिळालेली पटकथा. शिकायला जाऊ नये म्हणून घरच्यांनी कोंडलेल्या मुलीची गोष्ट. गालिच्यावर चिकटपट्टी लावून तो तिची खोली आखतो. ही भिंत, इथे खिडकी, इथे पलंग. दोन्ही हातांनी दाखवत, गुडघ्यांवर सरकत. आणि सांगता सांगता एकदम थांबतो. सांगूनच भागणार असेल तर फिल्म करायची कशाला, असं काहीसं म्हणतो आणि उठून जातो. मला आठवतं, मी तिथे लॅपटॉप थांबवला होता. बाहेर ओट्यावर जाऊन बसले. लहानपणी आम्ही अंगणात कोळशानं घर आखायचो, ही चूल, ही न्हाणी, आणि ओलांडलं की भांडायचो. एक जाणता माणूस आपल्याच घरात, आपल्याच गालिच्यावर, कोंडलेल्या मुलीचं घर आखतोय, आणि त्या आखणीत आपणही कोंडले गेलोय हे त्याला मधेच कळतंय, ते पाहणं फार अवघड होतं. ही फिल्म केकमध्ये लपवलेल्या पेन ड्राइव्हमधून कान महोत्सवाला पोचली, असं सांगतात. लोक ती केकची गोष्ट हसून सांगतात. मला मात्र त्यात त्या चिकटपट्टीचा चर्रर्र आवाज ऐकू येतो. आणि कॅमेरा धरणारा तो मित्र, मोजतबा मिरतहमास्ब, २०११ च्या सप्टेंबरमध्ये पकडला गेला, ते आठवतं.

किंमत मोजणारा नेहमी एकच नसतो.

'टॅक्सी' मी पुढे पाहिली. त्यात पनाही टॅक्सी चालवतो आणि कॅमेरा गाडीच्या पुढच्या काचेपाशी लावलेला. माणसं चढतात, उतरतात. चोरून फिल्मच्या सीड्या विकणारा एक जण चढतो आणि मला आमच्या बसस्टँडमागचं सीडीचं दुकान आठवतं, जिथे कव्हरावर एक आणि आत भलतंच निघायचं. मग पनाहीची भाची चढते. शाळकरी, तोंडाळ, हातात छोटा कॅमेरा. तिला शाळेसाठी फिल्म करायची आहे आणि बाईंनी नियम लिहून दिले आहेत. दाखवण्याजोगी फिल्म कशी असावी? बाई-माणसानं एकमेकांना शिवू नये. चांगल्या माणसानं टाय घालू नये. त्याला साधं इराणी नाव देऊ नये, पवित्र नाव द्यावं. वास्तव दाखवावं, पण काळं, ओंगळ वास्तव दाखवू नये. ती पोरगी गाडीच्या खिडकीतून एक लग्न टिपते. नवरदेवाच्या हातून पैसे पडतात, कचरा वेचणारा एक मुलगा ते उचलतो. ती त्याला हाक मारून बोलावते आणि म्हणते, जा, परत दे, नाहीतर माझी फिल्म दाखवता येणार नाही. मुलाला पैसे हवे आहेत. तिला त्याचा चांगुलपणा हवा आहे. वटहुकूम, कोर्ट, तुरुंग यांच्याबद्दल मी पुष्कळ वाचलं, पण सेन्सॉरशिप म्हणजे काय हे मला त्या पोरीच्या कुरकुरीतून कळलं. जग नियमात बसत नाही, म्हणून ती जगालाच सांगते आहे की जरा नीट वाग, कॅमेरा चालू आहे.

आणि आम्हीही तेच केलं होतं! मावशीच्या अंगणात शूटिंगच्या दिवशी एका मुलीनं बाजेखालचा दारूचा पव्वा पायानं सरकवला आणि मी काही बोलले नाही. मावशीचा थोरला आत झोपलेला होता. "वाईट दिसेल, मॅडम," ती म्हणाली. कुणी सांगितलं नव्हतं. चौदा मिनिटांच्या फोनवरच्या फिल्मला आमच्या गावात कुणी कुठलं प्रमाणपत्र मागत नाही. १९५२ च्या कायद्यानं बसवलेलं, फिल्म तपासणारं मंडळ मुंबईत आहे, नाटकाची संहिता वाचणारं परिनिरीक्षण मंडळही मुंबईतच. बाजेखालपर्यंत त्यांच्यातलं कुणी आलं नव्हतं.

'टॅक्सी'च्या शेवटी काळ्या पडद्यावर चार ओळी येतात. दाखवण्याजोग्या फिल्मच्या नामावलीला मंत्रालय मंजुरी देतं, माझी मनापासून इच्छा असूनही या फिल्मला नामावली नाही, अशा अर्थाच्या. ज्यांनी गाडीत बसून अभिनय केला, आवाज धरला, जोडकाम केलं, त्यातलं एकही नाव नाही. २०१५ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात या फिल्मला सोनेरी अस्वल, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळालं, ते घ्यायला ती भाचीच स्टेजवर गेली आणि रडली. पनाहीला देश सोडता येत नव्हता. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या चार ओळी मला मोठी युक्ती वाटल्या होत्या, सरकारच्या नियमानं सरकारचंच तोंड बंद केल्यासारखी. मावशीच्या फोननंतर मी त्या परत पाहिल्या. या खेपेला त्या नसलेल्या माणसांची मोजदाद करावीशी वाटली. त्यांच्या घरी ही फिल्म कुणी दाखवली असेल का? आईला सांगितलं असेल का, हा आवाज मी धरलाय म्हणून? की बोलणं जिभेवर येऊन परत गिळलं असेल?

आजोबांची एक वही आमच्याकडे आहे. निजामाच्या शेवटच्या वर्षातली, तांबड्या कापडाच्या पुठ्ठ्याची. त्या काळात चार माणसं जमवायची तर परवानगी लागायची. गश्ती ५३, म्हणजे तेच परवानगीचं सरकारी परिपत्रक, हा शब्द आजोबा म्हातारपणीही पुटपुटत, जसा एखादा जुना ताप आठवावा. सभा नाही तर कीर्तन करा, कीर्तन नाही तर तालीम काढा, असं करत माणसं भेटायची. हैदराबाद स्टेट काँग्रेसवर १९३८ पासून बंदी होती ती १९४६ पर्यंत. वहीत नावं नाहीत, नुसती अक्षरं आहेत. 'अ. कडे दोन दिवस.' 'ग. नं निरोप नेला.' 'स. बाईंनी भाकरी पोचवल्या, पाऊस.' १७ सप्टेंबर १९४८ ला निजामाचं राज्य गेलं, त्यानंतर वहीतली अक्षरं उलगडायला काही हरकत नव्हती. पण आजोबांनी ती उलगडली नाहीत. आईनं एकदा विचारलं तर म्हणाले, त्यांनी मला नाव सांगायची परवानगी दिली नव्हती आणि आता विचारायला ते कुठे आहेत. पुढे स्वातंत्र्यसैनिकांची कागदपत्रं झाली, सन्मानपत्रं आली, पेन्शन सुरू झाली. आजोबांच्या नावाचं सन्मानपत्र भिंतीवर लागलं. 'स. बाई' कोण होत्या, कुठल्या गावच्या, पावसात किती कोस चालल्या, हे आता कुणालाच माहीत नाही. आजोबांच्या मौनानं त्यांना तेव्हा वाचवलं. नंतर त्याच मौनानं त्यांना पुसलं. हे दोन्ही एकाच माणसाच्या हातून, मायेपोटी घडलं. मला या गोष्टीचा राग येतो आणि कुणावर काढावा ते कळत नाही.

आमच्या बीड जिल्ह्याचंच बघा. २०१९ मध्ये पिशव्या काढल्याचा बोभाटा झाला तेव्हा सरकारनं ऊसतोड बायकांची पाहणी केली. ८२,३०९ बायका, त्यातल्या १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली. हा आकडा मी वर्गात फळ्यावर लिहिला होता. मुलींनी वहीत उतरवून घेतला. मागच्या बाकावरची एक जण मी खडू खाली ठेवेपर्यंत वर बघेना. तिची आई त्या आकड्यात होती. आकड्याला नाव नसतं म्हणून आकडा छापता येतो, भाषणात घेता येतो, विसरता येतो. मावशीनं चार मिनिटं लसूण सोलत त्या आकड्यातून स्वतःला बाहेर काढलं होतं. आणि मी तिला परत आत ढकललं, असं त्या रात्री वाटत होतं.

फिल्म दाखवली त्या संध्याकाळी हॉल भरला होता. बायका डाव्या बाजूला, पुरुष दारापाशी उभे. मावशीची चार मिनिटं चालू असताना कुणी खोकललंसुद्धा नाही. दारातल्या माणसांत ऊसतोडीच्या टोळ्या नेणारे दोन मुकादम होते, त्यातला एक अर्ध्यातून निघून गेला. बिडी ओढायला गेला असेल. शेवटी नावं वर जायला लागली आणि रिकामी ओळ आली तेव्हा मला वाटलं सगळ्यांना ती दिसतेय. एकालाही दिसली नाही. टाळ्या झाल्या. माझं नाव सगळ्यात शेवटी, सगळ्यात मोठ्या अक्षरात होतं. परतताना जीपमध्ये त्या दोघी विद्यार्थिनींपैकी एकीनं विचारलं, "मॅडम, मावशींचं नाव काढलं तर मग आपलीही काढायला पाहिजे होती ना?" मी म्हटलं, कुणीतरी जबाबदार म्हणून असावं लागतं. ते खरं आहे. पण माझी नोकरी कायमची आहे, माझ्या घरात कुणी मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेतलेली नाही, आणि कुणी विचारायला आलंच तर ते आधी चहा घेतील, हेही खरं आहे. पनाहीनं 'टॅक्सी'त स्वतःचं तोंड पुढे केलं, बाकीच्यांची नावं झाकली. त्याचं नाव आधीच सरकारदरबारी लिहिलं गेलं होतं, त्या नावाच्या आडोशाला बाकीचे उभे राहू शकत होते. माझ्या नावाचा आडोसा कुणाला होण्यासारखा नाही, आणि याची बोच मला आहे.

२०१० च्या कान महोत्सवात पनाही परीक्षक म्हणून बोलावलेला होता आणि तुरुंगात होता. त्याची खुर्ची रिकामी ठेवली होती. फ्रेंच अभिनेत्री ज्युलिएत बिनोशनं आपलं बक्षीस घेताना त्याच्या नावाची पाटी हातात धरून वर केली. बरोबर पंधरा वर्षांनी, २०२५ च्या मे महिन्यात, तीच बिनोश परीक्षकांची अध्यक्ष होती आणि पनाही स्वतः सभागृहात होता, 'इट वॉज जस्ट अॅन अॅक्सिडेंट'साठी पाम द'ओर, म्हणजे कानचं सगळ्यात मोठं बक्षीस, घ्यायला. मधल्या काळात तो आणखी जवळजवळ सात महिने एविनमध्ये राहून आला होता. २०२२ मध्ये मोहम्मद रसूलोफ या दुसऱ्या इराणी दिग्दर्शकाला पकडल्यावर त्याची खबर काढायला पनाही कचेरीत गेला, आणि जुन्या शिक्षेकडे बोट दाखवून ह्यालाच आत ठेवलं. रसूलोफ पुढे डोंगर ओलांडून पायी देश सोडून गेला. पनाही बक्षीस घेऊन परत तेहरानला गेला. दोघांतलं कोण बरोबर हे मी अंबाजोगाईत बसून ठरवू शकत नाही आणि ठरवूही नये. या नव्या फिल्मची गोष्ट अशी, की तुरुंग भोगून आलेल्या एकाला एका माणसाच्या कृत्रिम पायाची कुरकुर ऐकू येते आणि वाटतं, हाच तो, आपल्याला छळणारा. खात्री होत नाही, कारण तुरुंगात डोळे बांधलेले होते. चेहरा ठाऊक नाही. ठाऊक आहे तो नुसता आवाज.

म्हणजे तिकडचाही बिननावाचाच. फरक एवढाच, की त्याला आपलं नाव काढा म्हणून कुणाच्या विनवण्या कराव्या लागल्या नाहीत.

मावशीची टोळी दसऱ्यानंतर गेली आणि पाडव्याच्या आधी परत आली. मी भेटायला गेले तेव्हा ती टायरगाडीवरून उतरवलेल्या गोधड्या उन्हात टाकत होती. हातावर पाचटाचे ओरखडे, वजन उतरलेलं. म्हटलं, मावशी, तुला कुणी धमकावलं होतं का गं त्या वेळी? "कोन कशाला सांगतंय? समजतंय की," ती म्हणाली. थोरल्यानं आणि सुनेनं दोघांची मिळून उचल घेतलेली होती, त्याच आठवड्यात. मग मी मनातलं विचारलं, तोंड दिसत होतं, आवाज होता, मग नावाचंच काय? ती गोधडी झटकायची थांबली. "बोललेलं हाय ते हाय. बाईमानूस हाय, बडबडली, म्हनत्यात. पर नाव लिवलं की ती सही व्हती, बाय. मी आजवर जितं जितं अंगठा दिलाय तितं तितं मलाच फेडावं लागलंय."

मी गप्प बसले. तिनं फिल्म पाहिलेली नव्हती. त्या संध्याकाळी ती हॉलमध्ये आलीच नव्हती, हे मला तेव्हा कळलं. फोन काढून तिच्या हातात दिला. उन्हात नीट दिसेना म्हणून तिनं पदर फोनवर धरला आणि त्या अंधारात डोकं घालून बसली. स्वतःचा आवाज आला तेव्हा एकदा "अगंबया" म्हणाली, मग काही नाही. लसणाच्या पाकळ्या पितळीत पडल्याचा आवाज पदराखालून येत राहिला. शेवटी नावं चालू झाली. तिला वाचता येत नाही, पण एक ओळ आली नाही हे तिला कळलं. "हितं व्हतं व्हय?" म्हणून तिनं अंगठा ठेवला, आणि फिल्म तिथेच थांबली. वर दोघींची नावं, खाली एकीचं, मधे तिचा अंगठा, नखात उसाचं काळं. मी म्हटलं, हो, तिथेच. ती जरा वेळ तशीच राहिली. मग फोन माझ्या हातात देऊन पदर सावरला आणि चूल पेटवायला आत गेली.